‘बसाव नही’

नंदुरबारात पंक बँड निघालाय यावर आधी कुणाचा विश्वास बसेना. बँडचं नाव ‘ठसका’ आहे हे कळल्यावर मात्र लगेच बसला. मिरचीच्या बाजारात दुसरं नाव ठेवणार तरी काय?

माणसं तिघंच. श्रेणिक गिटार वाजवायचा आणि गाणी लिहायचा. काजल गायची. भिला पाटलांच्या या लेकीने शेतातून हाक मारली तर पलीकडच्या बांधावरचे बैलसुद्धा थबकायचे. धर्मेंद्र लग्नाच्या बँडमधून ड्रम बडवून थेट इकडे यायचा, त्यामुळे त्यांच्या पंकमधून अधूनमधून वरात निघायची.

पहिला अल्बम त्यांनी श्रेणिकचे आजोबा दीपचंद शेठ यांच्या गोदामात रेकॉर्ड केला. वाळल्या मिरचीच्या गोण्या पत्र्यापर्यंत रचल्या की आवाज जराही घुमत नाही, हे श्रेणिकला लहानपणापासून ठाऊक होतं. त्या हवेत तोंड उघडून किंचाळायचं कसं, याचा विचार मात्र शहाण्याने केला नव्हता. दुसऱ्या-तिसऱ्या ओळीला काजलला ठसका लागायचा आणि डोळ्यांतून धारा वाहायच्या.

“आठे कोन गाई रे? मन्हा गया जयी ऱ्हायना!” ती जळता गळा धरून ओरडायची.

पुढे श्रेणिक ते ठसके कापून टाकायला बसला, तेव्हा तिनेच त्याचा हात धरला. “ऱ्हाऊ दे. तोच खरा शे.”

दीपचंद शेठ कधीमधी दारात येत, कानांवर हात ठेवून हसत आणि निघून जात. पोराचे चार दिवसांचे चोचले, मग गादी आहेच, असं ते धरून चालले होते. गादी म्हणजे दुकानातली पांढरी बैठक. शेठचे वडील तिथे बसले, मग शेठ बसले. श्रेणिकचे वडील फार लवकर गेले, म्हणून आता सगळी आशा नातवावर. “गादी थारी है,” हे श्रेणिकने मुळाक्षरांच्या आधी ऐकलं होतं.

त्याला ती नको होती. गिटार घेऊन पुण्याला जायचं होतं. पण वाघासारखा वाजवणारा हा गडी दादासांसमोर, म्हणजे आजोबांसमोर, शेळी व्हायचा. तोंडाने सांगण्याची छाती नाही, म्हणून त्याने गाणं लिहिलं आणि काजलने ते जीव तोडून म्हटलं: ‘पांढरी गादी, पांढरा लोड, बसाव नही, बसाव नही!’ अल्बममधलं सगळ्यात जबर गाणं हेच झालं. अल्बमचं नावही तेच ठेवलं.

“घरमा सांगं का तू?” काजल विचारायची.

“सांगसू.”

“कव्हय?”

यावर श्रेणिक गिटारच्या खुंट्या पिळत बसायचा.

अल्बम इंटरनेटवर यायची तारीख ठरवताना धर्मेंद्रला वाजवायची सुपारी नाही एवढंच पाहिलं. तिथी कुणी पाहिली नाही. पर्युषणात दादासांबरोबर जैन स्थानकात जाऊन बसल्यावर श्रेणिकच्या डोक्यात उजेड पडला. संवत्सरीच्या, म्हणजे पर्युषणातल्या शेवटच्या उपवासाच्या, दुसऱ्या दिवशी, सकाळी दहाला, गाणं येणार होतं. म्हणजे ज्या सकाळी घरोघर हात जोडून ‘मिच्छामि दुक्कडम्’ म्हणायचं, कळत-नकळत दुखावलं असेल तर क्षमा मागायची, त्याच सकाळी. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हेच.

त्याने काजलला फोन केला. ते एक गाणं काढून टाकू या का?

“काढ,” ती म्हणाली. “मंग बाकीना गाना बी काढ. घाबरटना आल्बम कोन ऐकी?”

त्याने काढलं नाही.

सकाळी दीपचंद शेठ आदल्या दिवसाच्या निर्जळी उपवासाने सुकलेल्या तोंडाने माडीच्या ओसरीवर बसले होते. समोर पारण्यासाठी मुगाचं पाणी. पण घरातल्या सगळ्यांची क्षमा मागितल्याशिवाय ते वाटीला हात लावत नसत. सून झाली, नाती झाल्या. मग त्यांनी श्रेणिककडे वळून हात जोडले.

“मिच्छामि दुक्कडम्, श्रेणिक.”

दरवर्षी तो तेच उत्तर झटकन देऊन खायला पळायचा. आज पोटात एक आणि ओठांत एक, असं त्याला जमेना.

“कांई हुयो? बोल.”

“दादासा, थे पैली ओ सुणो,” तो कसाबसा म्हणाला आणि मोबाइल लावून त्यांच्या हातात दिला.

गाणं संपेपर्यंत म्हाताऱ्याने वाटीकडेही पाहिलं नाही. काजलला ठसका लागला तिथे त्यांची भुवई जरा हलली, एवढंच. श्रेणिकला वाटलं, आता मोबाइल भिंतीवर जाणार.

“गाणो खराब है,” ते शेवटी म्हणाले. “छोरी रो गळो चोखो है.” मग त्यांनी बाहेर बाजाराकडे हात केला. “सगळा सुणसी?”

“हां, दादासा.”

दीपचंद शेठनी पुन्हा हात जोडले. “पैली मांगी बा तो रीत ही. अबै थारै सूं मांगूं हूं. गादी थारी, गादी थारी, कैवतो रयो. थनै कदै पूछियो कोनी.”

आधीची क्षमा रिवाजाची होती. ही, कधी न विचारल्याबद्दलची, त्याची एकट्याची होती. श्रेणिकने त्यांचे पाय धरले. “मिच्छामि दुक्कडम्. घर में कैवण सूं पैली दुनिया नै कैवण निकळ्यो हो.”

म्हाताऱ्याने त्याच्या पाठीवर हात ठेवला, मग मुगाचं पाणी सावकाश पिऊन टाकलं. टोपी घातली, दुकानाच्या किल्ल्या घेतल्या. रोज या वेळी ते जिन्यातून “चाल रे” म्हणून हाक मारत आणि श्रेणिक कुरकुरत मागे निघे.

आज त्यांनी हाक मारली नाही. कठड्याला धरून एकटेच उतरू लागले. मागे ओसरीवर मोबाइल वाजत होता, काजल असणार, दहा वाजून गेले होते. हवं ते सगळं मिळालं होतं, आणि श्रेणिक दारात उभा राहून त्या हाकेची वाट पाहत होता.