चार नंबरचं रीळ आणि नेटीबाई

मी एक जुनं रीळ आहे, मित्रांनो, आणि आधीच सांगतो, वैतागलेलं रीळ आहे. एका काळ्यापांढऱ्या अमेरिकन चित्रपटाच्या पाच रिळांपैकी मी चौथं. नाशिकला इंदिरानगरातल्या एका फिल्म सोसायटीच्या कपाटात माझा पत्र्याचा डबा असतो.

माझ्यात हिरो नाही. माझ्यात आहेत नेटी वॉरबेक. हे नाव तुम्ही ऐकलं नसेल, कोणीच ऐकलेलं नाही. बाईंनी एकेचाळीस चित्रपट केले. कधी मोलकरीण, कधी नर्स, कधी कोणाची तरी थोरली बहीण. दार उघडायचं, ट्रे ठेवायचा, नायिका रडली की रुमाल द्यायचा, झालं काम! पडद्यावरच्या नावांत अकरावं नाहीतर बारावं नाव. फक्त या एका चित्रपटात त्यांना सलग वीस मिनिटं मिळाली. हिरोने केलेली चोरी घरची कामवाली स्वतःच्या अंगावर घेते, कोर्टात उभी राहते आणि तुरुंगात जाते. एकदाही आवाज चढवत नाही. काय जीव ओतलाय हो बाईंनी! आणि तो सगळा भाग माझ्यात आहे.

सातासमुद्रापार इथे आलो तेव्हा मी केवढा खूश होतो! मशीन चालवायला देवराम होता. हाताचा फार चांगला, रीळ तान्ह्या बाळासारखं धरायचा. पण राहायला घोटीला. पाचही रिळं लावली असती तर त्याची शेवटची एसटी चुकली असती. पहिल्याच खेळाला त्याने सोसायटीच्या सेक्रेटरींना विचारलं, "साहेब, चार नंबरात हिरोच नाय म्हणं. गाळू का?"

"गाळ. कोणाला कळतंय!"

तेव्हापासून तीस वर्षं तीन नंबरानंतर थेट पाच! पाचव्यात हिरो रिकाम्या खुर्चीपुढे ढसाढसा रडतो. लोक विचारायचे, हा का रडतोय? मग देवराम पडद्यापुढे येऊन सांगायचा, "ती कामवाली बाई मामाच्या गावाला गेली, असं समजा."

मामाच्या गावाला! अहो, तुरुंगात गेली ती! मी डब्यात नुसता चरफडायचो. बाकीची चौघं टाळ्या घेऊन, अंगावर ओरखडे मिरवत परत यायची. माझ्यावर एक ओरखडा नाही. त्या कोऱ्या अंगाचं काय लोणचं घालायचंय?

गेल्या महिन्यात मनाली आली. ही सोसायटीची नवी सेक्रेटरी. जुने चित्रपट कॉम्प्युटरवर उतरवून ठेवायचे तिने ठरवलं, आणि मदतीला म्हाताऱ्या देवरामला बोलावलं. "काका, मी सगळीकडे विचारलं. या चित्रपटाची दुसरी प्रत कुठेच नाही," ती म्हणाली. मला वाटलं, चला, आता तरी लोक नेटीबाईंना बघतील.

एक झालं, दोन झालं, तीन झालं. मग माझं झाकण उघडलं आणि खोलीभर आंबूस वास सुटला. चालणाऱ्या रिळांना वारा लागत होता. मी बंद डब्यात आंबत पडलो होतो. माझे वेढे एकमेकांना चिकटून त्यांचा पार गोळा झाला होता. मनालीने हलक्या हाताने टोक ओढलं, तर ते तुटून तिच्या बोटांत आलं. तिने दोनदा, तीनदा करून पाहिलं.

"नाही होणार काका," ती म्हणाली. "यात काय होतं तेवढं सांगा. मी तीन आणि पाचच्या मधे पडद्यावर तेवढं लिहून टाकते."

देवरामने चष्मा काढला.

"मी तरी कुठं पाह्यलंय, पोरी," तो म्हणाला.

मित्रांनो, तुम्हाला मी गोष्ट तरी सांगितली. पण कोर्टात उभ्या राहिलेल्या बाईंचा चेहरा कसा सांगू? तो बघायचाच होता. तुमच्या घरात, शाळेत असं कोणी मागे राहिलं असेल, माणूस असो की वस्तू, तर त्याला आजच पुढे बोलवा. नंतर बघू म्हणू नका. नंतर बघायला काही उरत नाही.