दुसऱ्याच्या विहिरीचं पाणी

कॅनडाच्या माळरानावर एल्स्पेथ आणि तिचा नवरा मर्डो यांचं घर गवताच्या मुळांसकट कापलेल्या मातीच्या ढेकळांचं होतं. रेल्वे कंपनीचा माणूस कॅमेरा घेऊन आला आणि घर पाहून त्यानं नाकच मुरडलं. विलायतेतल्या लोकांना इकडे जमिनी घ्यायला बोलवायचं, तर पडद्यावर असलं बीळ कसं दाखवायचं? त्यानं एल्स्पेथला पलीकडच्या ओल्सनबाईंच्या लाकडी घरापुढे नेलं, त्यांच्याच विहिरीचं पाणी ओढायला लावलं. हसा, म्हणाला. ती मनापासून हसली. लग्नानंतर कुणी तिच्याकडे इतकं निरखून पाहिलं नव्हतं.

पुढच्या वसंतात स्कॉटलंडहून ॲलन आणि जेसी हे जोडपं शेजारच्या तुकड्यावर आलं. जेसीनं तिला बघताक्षणी ओळखलं. गावच्या चर्चमध्ये ते चित्र दाखवलं होतं. ते पाहूनच ॲलननं मेंढरं विकली होती. ती विहीर आपली नव्हे, हे एल्स्पेथच्या ओठांवर आलं. पण जेसी इतकी खुशीत होती, की खरं सांगायचं राहून गेलं. मग राहतच गेलं. चित्रातलं लाकडी घर आणि विहीर त्यांच्याच रानाच्या पलीकडच्या टोकाला असेल, असं ॲलननं धरून चाललं.

ॲलननं खड्डे खणले, पाणी लागलं ते कडूजहर. तो विचारायला आला.

"वहिनी, तुमची विहीर कितपत खोल आहे हो?"

मर्डो मान खाली घालून खोगीर शिवत राहिला. एल्स्पेथ म्हणाली, "अजून थोडं खाली जाऊन बघा, भाऊजी."

तो खाली गेला आणि कड ढासळली. बाहेर काढला तेव्हा जीव होता, पण पायाचा चेंदामेंदा झाला होता.

एल्स्पेथ जेसीकडे धावली. चुलीपाशीच तिनं सगळं ओकून टाकलं : विहीर आपली नव्हती, आपणही तळ्याचं पाणी गाळून पितो.

जेसी पट्ट्या उकळत होती. तिनं वळूनही पाहिलं नाही.

"तुझ्याकडे पहिला चहा घेतला तेव्हाच तळ्याची चव कळली मला. वाटलं, तूच सांगशील. माझ्यानं यांना सांगवेना. तुझं ते हसणं बघून आलेत ते."

आपण एकट्याच गप्प बसलो नव्हतो, म्हणून एल्स्पेथला क्षणभर बरं वाटलं. आणि बरं वाटलं याचीच तिला जास्त शरम वाटली.

त्या उन्हाळ्यात ॲलनचं रान तिनं आणि मर्डोनं नांगरलं. तो दारात पाय लांब करून बसायचा, कौतुकानं हाका मारायचा, "वहिनी, टेका की जरा. किती करता आमच्यासाठी!"

जेसीनं त्याला सांगितलं नव्हतं. एल्स्पेथनंही नाही. ती हात हलवायची आणि बैल पुन्हा तासाला लावायची.