रविवारची नांगरट

शनिवारी सूर्य मावळला की आमच्या मॅसॅच्युसेट्समध्ये रविवार सुरू होतो, आणि रविवारी देवाचं नाव घ्यायचं, कामाचं नाव काढायचं नाही. त्या शनिवारी गावाच्या सगळ्या बंदुका आमच्या शेतात पुरून झाल्या, आणि वरून नांगर फिरवायच्या आत सूर्य बुडाला. माझ्या नवऱ्याने, अबायजाने, बैल सोडले.

"अहो, उकरलेली माती दिसतेय. फासावर जाल."

"जाईन. पण नरकात जाणार नाही."

हाच माणूस दोन वर्षांपूर्वी चहावरच्या करावर नुसता कुरकुरायचा. मग इंग्लंडच्या राजाने बॉस्टनचं बंदर बंद केलं, आमच्या गावसभा बंद केल्या, आणि याने बंदुका जमवायला घेतल्या.

दुसऱ्या दिवशी चर्चमध्ये प्रवचन चालू असताना निरोप आला, राजाचे सैनिक गिरणीपर्यंत पोचलेत. मी सरळ उठले, घरी पळाले आणि बैल जुंपले. अबायजा कुंपणाशी उभा राहून माझ्यासाठी देवाची क्षमा मागत होता. मला इतका राग आला होता की नांगर सरळ चालला.

सैनिक आले, आणि त्यांना वाट दाखवायला माझा थोरला भाऊ जेरेड. तो राजाचा माणूस, आमच्याशी बोलणं टाकलेला. इंग्लंडहून आलेल्या अधिकाऱ्याला आमचे रविवार काय माहीत! पण जेरेड याच गावात वाढलेला, रविवारी अक्रोड फोडला म्हणून मार खाल्लेला. त्याने नांगर पाहिला, मला पाहिलं. मी नांगर सोडून कुंपणाशी अबायजाजवळ जाऊन उभी राहिले.

"हे काय चाललंय?" अधिकाऱ्याने विचारलं.

"नांगरट, साहेब. मेहुणा पहिल्यापासून नास्तिक. बायकोला रविवारीही जुंपतो."

अबायजाने तोंड उघडलं. मी त्याच्या पायावर पाय दिला.

अधिकारी हसला. "तुम्ही वसाहतवाले देवाचे नाही, राजाचे काय होणार? तूही त्यातलाच."

जेरेडचे कान लाल झाले.

त्यांनी कोठार उचकलं, तळघर उचकलं, डुकराची एक खारवलेली तंगडी उचलली आणि गेले. मी नांगराच्या तासातच बसकण मारली. रडू येत होतं की हसू, कळेना. वाचलो होतो, एवढंच खरं.

"मला नास्तिक म्हणाला," अबायजा पुटपुटला.

जेरेड मागेच राहिला होता. ढेकळांकडे बघत तो म्हणाला, "खाली पुरल्यात त्यातली एक मला द्या."