शंकरपाळ्याच्या वावराचं कुंपण

रुख्मिणीबाईचं वावर म्हणजे थेट शंकरपाळा. सासऱ्यानं भावाशी वाटणी करताना चारही धुरे, म्हणजे बांध, एका मापाचे मोजून घेतले, पण नाल्याच्या वाकणामुळं कोपरे कलते राहिले. "चारी सारखे, पण सरळ एकही नाही," असं ती धुऱ्यांविषयी म्हणायची, आणि म्हणताना चुलत दिरांच्या घराकडं बघायची.

त्या साली वावरात बीटी कपाशी कमरेएवढी झाली आणि नाल्यातून रानडुकरं उठली. एका फेरीत कपाशीच्या पाच-सहा ओळींची नासाडी. गावात ज्यानं-त्यानं जुन्या लुगड्यांचं कुंपण बांधलं होतं. कापड हललं की जनावर बिचकतं. पाचवारी साडी पहिल्याच वाऱ्यात चिंधी होते, नऊवारी टिकते. पण लागतील किती? धुऱ्यावरून मोजावं तर गवत छातीएवढं, त्यात किरडवाचं, सापाचं भय. आत मात्र फवारणीसाठी सोडलेल्या दोन वाटा होत्या, कोपऱ्यातून समोरच्या कोपऱ्यात जाणाऱ्या. मधल्या निंबाखाली त्या एकमेकींना काटकोनात कापत.

तिचा लेक कडूबा यानं तिचंच एक लुगडं ताणून दोन्ही वाटा मोजल्या. एक बारा लुगडी, दुसरी सोळा.

"बारा नं सोळा अठ्ठावीस, त्याची दुप्पट छप्पन," म्हणत तो ओट्यावर बसला.

"छप्पन?" रुख्मिणीबाई कडाडली. "गावच्या साऱ्या म्हाताऱ्या उघड्या करतं का बे?"

दहावीतली योगिनी, त्याची पोर, हसली. "बाबा, ह्या वाटा हायेत, धुरे नाहीत." तिनं चुलीपुढच्या राखेत शंकरपाळा काढला, मधून दोन रेघा ओढल्या. "निंबापासून कोपऱ्यापर्यंत अर्धी अर्धी वाट. इकडं सहा, तिकडं आठ. धुरा त्यांच्यावर तिरपा पडते. सहाचा वर्ग नं आठचा वर्ग..."

"वर्ग तुह्या शाळेत," आजी म्हणाली. "मले पाढ्यात सांग."

"सहा सक?"

"छत्तीस."

"आठी आठी?"

"चौसष्ट. झाले शंभर. पुढं?"

"कोणता आकडा त्याच्याच पटीत घेतला की शंभर होते?"

"दाही दाही शंभर. दुसरी पास हाय मी, मले काय शिकवतं!"

"मंग धुरा दहा लुगड्यांचा. चार धुरे, चाळीस."

रुख्मिणीबाईनं राखेतले चार धुरे बोटानं मोजले. मग पदर खोचून ती गावात निघाली. जन्मात कोणाकडं मीठ मागितलं नव्हतं. आता दारोदार म्हाताऱ्यांच्या पेट्या उघडायला लावल्या. सत्यभामाबाईनं विटकं लुगडं देताना टोमणा मारलाच, "घे बाप्पा, डुकराले तरी आवडन."

"आवडन ना. तुह्या अंगचा वास ओयखीचाच हाय त्याले."

चाळीस भरली. गवत कापलं, लाकडी बल्ल्या ठोकल्या, लुगडी बांधली. आणि दिवस कलताना नाल्याच्या कोपऱ्यावर भगदाड उरलं. एका लुगड्याएवढं. योगिनीनं पुन्हा पुन्हा हिशेब केला, बरोबरच येई. रुख्मिणीबाईनं एक गाठ चिमटीत धरली. दोन्ही टोकांची पाच-पाच बोटं त्या गाठीनं गिळली होती. चाळीस लुगड्यांच्या साऱ्या गाठी मिळून एक लुगडं गिळून बसल्या होत्या.

डुकरांची वाट नेमकी तीच.

घरात एकच लुगडं उरलं होतं, अंजिरी, रेशीमकाठी. बाई मेली की माहेरचं लुगडं येतं, ते अंगावर पडल्याशिवाय तिला उचलत नाहीत. उंद्रीचा तिचा भाऊ तुळशीराम मरणाआधीच्या शेवटच्या दिवाळीला तेच घेऊन आला होता. "माह्यामागं आणणारं कोणी नाही, अक्का. आत्ताच ठेवून घे."

"माय, ते नको," कडूबा म्हणाला. "उद्या कुठून तरी पाहतो."

"आज रातच्याला काय डुकरं तुले इचारून येतीन?" तिनं स्वतःच्या हातानं गाठ मारली.

डुकरं आली नाहीत. हंगामभर एकदाही नाही.

बोंडं मात्र उमलेनात. कडूबानं एक फोडलं. आत कापूस काळपट, कुजका, आणि मधोमध गुलाबी अळी, आरामात. दुसरं फोडलं, तिसरं. बीटीला अळी लागत नाही, असं दुकानदारानं सांगितलं होतं. योगिनी रडवेली झाली. "आजी, माह्या हिशेबात तर..."

"तुह्या हिशेबाले काय झालं? तो धुऱ्याचा होता, बाई. हे तं बोंडात बसून आलं."

ती आपलं लुगडं सोडवायला नाल्याच्या कोपऱ्यावर गेली. दवानं गाठी आवळल्या होत्या, नखं मोडली तरी सुटेनात. तिनं ओढलं. उन्हानं जळालेलं अंजिरी लुगडं टरकन फाटलं, निम्मं बल्लीलाच राहिलं. हातात आलेलं तिनं डोक्यावरून घेतलं, खाली सोडलं, पाहिलं.

"माय, काय करून राह्यली?"

"मोजून राह्यली," ती म्हणाली. "डोकं झाकलं तं पाय उघडे राह्यतेत."