मानेचा विकार, तपशील नाही

मी कोड बोलतोय. हसू नका. दवाखान्याच्या कॉम्प्युटरमध्ये राहतो म्हणून काय झालं, मलाही तोंड आहे. एक इंग्रजी अक्षर, मागे दोन आकडे, मग टिंब आणि टिंबानंतर आणखी एक आकडा, एवढाच माझा जीव. माझ्यापुढे माझा अर्थ लिहिलेला असतो: 'मानेचा विकार, तपशील नाही'.

त्या शेवटच्या दोन शब्दांनी मला संशयी केलं. तुम्हीच सांगा, एखाद्याचं नावच 'तपशील नाही' असं ठेवलं तर तो कोणावर विश्वास ठेवणार? मला कोणी निवडलं की माझ्या मनात पहिला प्रश्न येतो: याला खरंच काही सापडलं नाही, की यानं बघितलंच नाही?

माझा जन्म परदेशातल्या एका जाडजूड यादीत झाला. हजारो भावंडं आम्ही, एकेका आजाराला एकेक कोड. माझं काम तात्पुरतं. एसटीच्या सीटवर लोक रुमाल टाकतात ना, तसा मी. तपासणी होईपर्यंत जागा धरायची, खरा आजार सापडला की उठायचं. पण वाशिम जिल्ह्यातल्या ह्या दवाखान्यात आलो आणि रुमालच शेवटच्या स्टॉपपर्यंत प्रवास करायला लागला. दवाखान्याचं नाव सांगणार नाही. कोण ऐकत असेल काय भरवसा!

इथं खिडकीपाशी सुकेशनी बसते. डॉक्टरांनी लिहिलेले केसपेपर कॉम्प्युटरवर चढवणं हे तिचं काम. दुपारी दोनच्या आत ढीग संपवायचा असतो, आणि कोडची यादी मैलभर लांब. म्हणून तिनं नेहमीचे दहा कोड एका चिठ्ठीवर लिहून स्क्रीनच्या कडेला चिकटवले. ताप, खोकला, जुलाब, साखर, बीपी... सातव्या नंबरवर मी.

मग काय विचारता! सोयाबीनचं पोतं उचलून मान धरली, लावा सात नंबर. शेलूबाजारच्या रस्त्यावर जीप आदळली, सात नंबर. कॉलेजातली पोरगी मोबाईलमध्ये मुंडी घालून बसते, तिलाही मीच. मला तर सगळ्यांचाच संशय यायचा. डॉक्टर प्रसेनजित मान वर न करता लिहितात याचा. पेशंट अर्धंच सांगतात याचा. सगळ्यात जास्त त्यांचा, जे पेशंटच्या वतीनं बोलतात.

दिवाळीनंतर गोमतीबाई आली. किन्हीराजा गावची, चाळिशीतली, काटक बाई. नवरा बाहेरगावी कामाला, म्हणून तिला घेऊन आला तिचा भासरा, म्हणजे नवऱ्याचा थोरला भाऊ, दौलतराव. डॉक्टरांच्या टेबलावरच्या स्क्रीनमधून मी बघत होतो. तिनं पदर कपाळापर्यंत ओढलेला, गळ्याभोवती घट्ट लपेटलेला. त्यांच्या घरात भासऱ्यापुढं बाई डोकं उघडं टाकत नाही आणि मोठ्यानं बोलतही नाही.

"काय होतं?" डॉक्टरांनी विचारलं.

"मान दुखते तिची," दौलतराव म्हणाला. "पोते उचलते ना."

"किती दिवसापासून?"

"झाले असतीन पंधरा दिवस."

सगळं भासराच बोलला. पदराआडून गोमतीबाईची बोटं मानेच्या कडेला गेली आणि परत आली. कोणी पाहिलं नाही. गोळ्या, मलम आणि मी, एवढं घेऊन ती गेली.

महिन्यानं पुन्हा आली. डॉक्टरांनी मागचं पान उघडलं, मला पाहिलं आणि म्हणाले, "जुनंच दुखणं हाय." घ्या! अहो, मीच सांगतोय की तपशील नाही, आणि माझ्याकडे बघूनच तुम्हाला वाटतं की तपासून झालं? पुन्हा गोळ्या, पुन्हा मलम, पुन्हा सात नंबर.

तिसऱ्या वेळी खिडकीपाशी सही करायची होती. गोमतीबाईच्या हातातून पेन पडला. उचलून दिला, पुन्हा पडला. दौलतराव घाईघाईनं पुढं झाला. "आणा, मी करतो सही."

माझा संशय तिथंच पक्का झाला. हा माणूस काहीतरी लपवतोय. यानंच मारलं असेल तिला. नाहीतर दर वेळी सावलीसारखा कशाला येईल? बोलू कशाला देत नाही?

सुकेशनीनंही मान वर केली. "मावशी, हात काहून थरथरून राह्यला तुमचा?"

गोमतीबाईनं दौलतरावाकडे पाहिलं आणि खाली बघितलं. सुकेशनीनं पान उघडलं. मी, खाली पुन्हा मीच. तिनं चिठ्ठीकडे पाहिलं, मग माझ्याकडे. इतक्या वर्षांत पहिल्यांदा कोणी मला नीट वाचलं.

"बाबा, तुमी बाहेर बसा जरा."

"काहून? मीच तं घेऊन आलो तिले."

"म्हणूनच तं. बसा."

आणि ढीग तसाच टाकून ती गोमतीबाईला डॉक्टरांकडे घेऊन गेली. "सर, ह्या तिसऱ्यांदा आल्या. दोन्ही बारीले तपशील नाही. कधी असन मग तपशील?"

डॉक्टर चिडले. "बाहेर किती लाईन हाय, दिसते का तुले?"

"दिसते. पण मावशीच्या हातात पेन राहून नाई राह्यला."

डॉक्टरांनी लिहिता लिहिता मान वर केली. मग म्हणाले, "मावशी, पदर काढा बरं."

दरवाजा बंद आहे हे दोनदा बघून गोमतीबाईनं पदर उतरवला. मानेच्या कडेला सुपारीएवढी गाठ होती. मणक्यावर बोट टेकवताच ती कळवळली. आणि मग बाई जी बोलायला लागली!

"संध्याकाळी कणकण येते जी. अंग वाळून गेलं. भाकर थापता थापता हातातून पडते. झंपरचं बटन लागत नाई मले. भासऱ्यापुढं कसं सांगू हे?"

"कोणी मारलं का तुमाले?" सुकेशनीनं हळूच विचारलं.

"नाई वो बाई! देवमाणूस हायत ते. आपलं काम सोडून मले घेऊन येतात."

मी ओशाळलो. पार तोंडघशी पडलो म्हणा ना.

डॉक्टरांनी लगेच मोठ्या तपासणीला पाठवलं. निघाला मणक्याचा टीबी. मानेतून हातापायांकडे जाणाऱ्या नसांवर दाब आला होता. "आणखी महिनाभर गेला असता तं हात गेले असते, चालणंही गेलं असतं," डॉक्टर सुकेशनीला म्हणाले. आणि तिच्या मागच्या दोन्ही नोंदी पुन्हा उघडून वाचत बसले. बऱ्या मनाचा माणूस आहे, हे मी आज कबूल करतो.

दौलतरावानं खिडकीपाशी येऊन विचारलं, "पोरी, माह्यं काई चुकलं का?"

"तुमच्यापुढं मावशी बोलत नाई बाबा."

त्यानं गोमतीबाईची पिशवी छातीशी धरली. "म्हणजे मी संगं येत होतो म्हणून तिचं दुखनं कोणाले समजलं नाई?" म्हातारा रडला हो. मला संशय घ्यायला आवडतो, पण त्या रडण्यावर घेता आला नाही.

त्या दिवसानंतर तो दर खेपेला तिला फाटकापर्यंत आणतो आणि स्वतःच थांबतो. "जाय तू अंदर. सगळं सांगजो. मी इथंच हावो." गळ्याला पट्टा, रोजच्या गोळ्या, असं आठ महिने चाललं. परवा गोमतीबाईनं खिडकीत स्वतःच्या हातानं सही केली. अक्षर वाकडं आलं, पण पेन पडला नाही. सुकेशनीनं ती चिठ्ठी केव्हाच फाडली आहे. आता मला शोधायचं तर मैलभर यादी उतरावी लागते.

माझं म्हणणं एवढंच. तुमच्या कागदावर मी दिसलो तर निमूट घरी जाऊ नका. "डॉक्टर, मान बघितली का?" असं तोंडावर विचारा. माझा अपमान होत नाही त्यानं. मला जागेवरून उठवण्यासाठीच जन्माला घातलंय.

मी डॉक्टरवर संशय घेतला, भासऱ्यावर घेतला, मुकाट बसणाऱ्या बाईवरही घेतला. स्वतःवर कधी घेतला नाही. गोमतीबाईच्या तिसऱ्या नोंदीत आता खऱ्या आजाराचा कोड आहे. पहिल्या दोन मात्र बदलता येत नाहीत. सुकेशनी तिचं पान उघडते तेव्हा तिथं मी असतो, दोनदा.