भाषण संपेपर्यंत

नवी मुंबईत, दिघ्यातली बेकायदा ठरलेली बिल्डिंग पाडायला पथक आलं, तेव्हा एकाही घरातलं सामान बाहेर निघालेलं नव्हतं. कारण हौसेराव, गल्लीचा पुढारी. नोटीस लागली तेव्हाच त्याने बजावलं होतं, "कोणी टोपसुद्धा हलवू नका. सामान काढलंत की घर सोडलंत असं धरतात. दिल्लीत अधिवेशन सुरू होतंय. राष्ट्रपतींच्या भाषणात आपल्यासारख्यांच्या घरांचं येणार, वरून खबर हाय. एकदा तिथं बोललं गेलं की कुणाच्या बापाची टाप नाय हात लावायची!"

राजेश्वरीने विश्वास ठेवला. न ठेवून जाणार कुठे? नवरा तळोज्यात कंपनीत, घरात गुडघे गेलेली सासू, सुंदराबाई.

पोरांनी जयंतीचा मोठा स्पीकर दारात आणून टीव्हीला जोडला. पाडायला आलेल्या साहेबांच्याही कानावर पडू दे! भाषण सुरू झालं. रस्ते, बंदरं, विमानतळ. दर वाक्याला खासदार बाकं वाजवत होते. पाडकामाचं पोकलेन गल्लीत शिरलं तशी राजेश्वरी साहेबाच्या आडवी गेली.

"थांबा ना साहेब, घरांचं येईलच आता."

"बाई, ते देशाबद्दल बोलतायत. माझ्याकडे कोर्टाची ऑर्डर आहे."

"मग आमी काय दुबईत राहतो?"

तेवढ्यात स्पीकरमधून आलं, गरिबांना पक्कं घर... गल्लीत शिट्ट्या पडल्या. बाया रडायला लागल्या. आणि स्पीकर मुका झाला. पाडायच्या आधी लाइट तोडतात, तशी तोडली होती.

"आता आपलंच येणार होतं!" कोणीतरी ओरडलं.

हौसेरावचा फोन बंद. राजेश्वरी मोबाइलवर भाषण लावून जिना चढली. एका हाताने कपडे गाठोड्यात कोंबत ती ऐकत राहिली. घरं झाली होती म्हणे, कोट्यवधी. अजून होणार होती. पण उभी असलेली पाडू नका, असं कुणी म्हणालं नाही. राष्ट्रगीत वाजलं. संपलं. इतकी मोठी माणसं, इतका वेळ बोलली!

खालून पोलीसबाई ओरडत होती, "वर कोण आहे? उतरा!"

सुंदराबाई पलंगाची कड धरून बसली होती. "काय म्हनले गं? आपलं आलं का? नसंल आलं तर मी उठत नाय. पडू दे अंगावर."

राजेश्वरीचे हात थांबले. घशात आलेली शिवी तिने गिळली. ती हौसेरावला होती, दिल्लीला होती, स्वतःलाही होती.

"आलं, आत्याबाई," ती म्हणाली. "आपल्याला घर देनार हायत. पन आधी खाली उतरायला सांगितलंय."

म्हातारीने पलंगाची कड सोडली. भिंतीला धरून उठली.

दारात येऊन थांबली. "कुलूप लाव," म्हणाली.

राजेश्वरीने लावलं. खाली पोकलेन सुरू झालं, भिंत थरथरली. सासूला पाठुंगळी घेऊन ती जिना उतरायला लागली.