अर्धी पाचर

बाबा गेले त्या दिवसापासून गल्लीत हातोडा बंद झाला. सुतार गेला की महिनाभर खिळासुद्धा ठोकायचा नाही, ही आमच्या गल्लीची रीत. ओळीतली अकरा लाकडी घरं बाबांनीच उभी ठेवली होती, त्यामुळे कुणी कुरकुर केली नाही.

आमच्या मधल्या खांबाचा पाय कुजला होता. त्याखाली द्यायची पाचर त्यांनी तासून फळीवर ठेवली होती. ठोकायची तेवढी राहिली. अकराही घरांवरून एकच तुळई जाते. एक खांब खचला की सगळी ओळ बसणार, हे ते जेवताना मीठ मागावं इतक्या सहज सांगत.

नवव्या दिवशी पालिकेची नोटीस आली. तेविसाव्या दिवशी पाहणी. खांब कच्चे निघाले तर ओळ पाडणार.

"मी पाचर ठोकते," मी म्हणाले.

"अगं, बापाचा महिना तरी भरू दे," शेजारच्या शिवणकामवाल्या काकू म्हणाल्या. "घर काय पळून जातंय?"

"पळणार नाही काकू, बसेल."

"बसू दे की! पन्नास वर्षं उभंच आहे, पाय दुखले असतील बिचाऱ्याचे."

आई हसली. बाबा गेल्यानंतर पहिल्यांदाच. त्यानंतर मला हातोडा उचलवेना.

पंधराव्या दिवशी मागचं दार उंबऱ्याला घासू लागलं. अठराव्या दिवशी ते लागेचना. काकूंच्या मशीनवरून पडलेलं रीळ घरंगळत आमच्या भिंतीशी येऊन थांबायचं. काकू ते उचलून परत मशीनवर ठेवायच्या.

बाविसाव्या दिवशी मी पाचर खांबाखाली लावून तळव्याने रेटली. अर्धी गेली. पुढे हातोडाच हवा होता.

"आठच दिवस राहिलेत गं," आई दारातून म्हणाली.

दुसऱ्या दिवशी पाहणीवाला आला. तरुण होता. बूट काढू का, असं त्याने विचारलं. मग खांबात स्क्रू-ड्रायव्हर टेकवला. तो मुठीपर्यंत आत गेला. खाली वाकून त्याने पाचरीवरून बोट फिरवलं.

"सुरेख तासलीय. का नाही ठोकली?"

आई माझ्याकडे बघत होती.

बाहेर जाऊन त्याने चौकटीवर कागद धरला आणि पिशवीतून हातोडा काढला.

"अहो, थांबा," काकू पुढे झाल्या, "अजून सात दिवस..."

"सात नाही मावशी, पंधरा दिवस आहेत घर सोडायला."

त्याने चार खिळे ठोकले. प्रत्येक ठोक्याला तुळईतून भुसा गळला. आधी आमच्याकडे, मग काकूंकडे, मग त्यांच्या पलीकडे.